आधी टोक पाहावे: फायबर केबलची तपासणी, जोडणी आणि देखभाल

नाशिक शहरात आणि आसपासच्या तालुक्यांत फायबरच्या ज्या तक्रारी येतात, त्यांचे दोन प्रकार पडतात. पहिल्या प्रकारात मोडेमवरचा लाल दिवा लागलेला असतो आणि कुठेतरी जेसीबीने, उसाच्या ट्रकने किंवा घुशीने केबल तोडलेली असते. तिथे पायपीट फार होते, पण डोके फारसे लागत नाही. दुसऱ्या प्रकारात सगळे दिवे हिरवे असतात, तरीही दिवसातून चार-पाच वेळा लाइन जाते, व्हिडिओ अडखळतो आणि तंत्रज्ञ पोहोचेपर्यंत सगळे सुरळीत झालेले असते. हा लेख मुख्यतः या दुसऱ्या प्रकारासाठी आहे. अशा तक्रारीत दोष बहुतेक वेळा केबलच्या लांबीत नसून कनेक्टरच्या टोकावर असतो, असे अनेक वर्षांच्या कामानंतरचे माझे मत आहे. तरीही ते टोक पाहण्याआधीच स्प्लाइसिंगचे, म्हणजे काचेची दोन टोके वितळवून जोडण्याचे, मशीन गाडीतून उतरवले जाते, कारण मशीन चालवणे हे काम वाटते आणि टोक पुसणे हे काम वाटत नाही.

टोकावर एवढे काय असते

आपले घरगुती आणि कार्यालयीन इंटरनेट ज्या सिंगल मोड फायबरवर चालते, त्यातील प्रकाश वाहणारा गाभा, म्हणजे कोअर, सुमारे ९ मायक्रॉन जाडीचा असतो. त्याभोवतीची काच, म्हणजे क्लॅडिंग, धरून जाडी १२५ मायक्रॉन होते आणि त्यावरच्या प्लास्टिकच्या लेपासह २५० मायक्रॉन. एससी कनेक्टरच्या टोकाला जी पांढरी सिरॅमिकची नळी असते, तिला फेरूल म्हणतात. तिचा व्यास २.५ मिलिमीटर असतो आणि एलसी या लहान प्रकारच्या कनेक्टरमध्ये १.२५ मिलिमीटर. म्हणजे एससीच्या टोकाकडे नुसत्या डोळ्यांनी पाहिल्यावर जे पांढरे वर्तुळ दिसते, त्याच्या व्यासाच्या पावणेतीनशेव्या हिश्श्यातून सगळा प्रकाश जातो. सातपूर-अंबडच्या एखाद्या ग्राइंडिंग शेडमधल्या धुळीचा एकच कण त्या जागी बसला, तर तो रस्त्यात आडवा लावलेल्या ट्रकसारखा असतो.

कण प्रकाश अडवतो एवढ्यावरच हे थांबत नाही. ॲडॅप्टरमध्ये, म्हणजे दोन कनेक्टर जिथे दोन्ही बाजूंनी खोचतात त्या तुकड्यात, दोन फेरूल समोरासमोर येतात तेव्हा कनेक्टरमधील स्प्रिंग त्यांना एकमेकांवर घट्ट दाबते, आणि मध्ये सापडलेला कण चिरडला जाऊन काचेत खड्डा पाडतो किंवा त्याचे बारीक तुकडे दोन्ही टोकांवर पसरतात. म्हणून घाण टोक जोडून पाहणे आणि नाही चालले तर मग पुसणे, हा क्रम उलटा आहे. पुसून जाणारी घाण आपण स्वतःच्या हाताने कायमच्या इजेत बदलून टाकतो, आणि समोरच्या चांगल्या टोकालाही तीच इजा करतो.

पाहणे आणि पुसणे

पाहण्याआधी डोळ्यांचा विचार करावा. फायबरमधून जाणारा १३१०, १४९० किंवा १५५० नॅनोमीटरचा प्रकाश मानवी डोळ्याला दिसतच नाही. त्यामुळे टोकाकडे पाहून ‘लाइट येत नाही, म्हणजे लाइन बंद आहे’ असे म्हणणारा माणूस चुकतो तर आहेच, शिवाय डोळाही पणाला लावतो. लाल प्रकाशाचा लेझर पेन दिसतो, कारण त्याची तरंगलांबी ६५० नॅनोमीटरच्या आसपास असते, पण म्हणून त्याकडेही थेट पाहू नये. टोक तपासण्यापूर्वी पॉवर मीटर लावून प्रकाश चालू आहे की नाही हे पाहावे, आणि तपासणीसाठी पडद्यावर चित्र दाखवणारा डिजिटल स्कोपच वापरावा. डोळा लावून पाहायचा जुना छोटा सूक्ष्मदर्शक स्वस्त मिळतो, पण तो चालू लाइनवर वापरला तर भिंगातून गोळा झालेला प्रकाश सरळ डोळ्यात जातो.

स्कोपला दोन प्रकारची टोपणे असतात, एक सरळ आणि एक तिरके. हिरव्या रंगाच्या एपीसी कनेक्टरचे टोक ८ अंशांनी तिरके घासलेले असते, त्यामुळे त्यावर सरळ टोपण लावल्यास चित्र अर्धे अंधारे दिसते आणि नवखा माणूस त्यालाच घाण समजतो. निळ्या, सपाट टोकाच्या यूपीसीसाठी सरळ आणि हिरव्या एपीसीसाठी तिरके टोपण लावावे. चित्र स्थिर झाले की मध्ये गाभ्याचा छोटा ठिपका, त्याभोवती क्लॅडिंगची गोल चकती, तिच्या कडेला गोंदाचे बारीक कडे आणि बाहेर फेरूलचा पृष्ठभाग, असे चार पट्टे ओळखता येतात. आयईसी ६१३००-३-३५ या आंतरराष्ट्रीय मानकात अशा पट्ट्यांवरून टोक पास की नापास हे ठरते. सिंगल मोडच्या बाबतीत मधल्या २५ मायक्रॉनच्या वर्तुळात काहीही दिसता कामा नये, एवढी एकच गोष्ट लक्षात ठेवली तरी रोजचे बहुतेक निर्णय घेता येतात. बाहेरच्या फेरूलवर एखादा ठिपका असेल तर मानक तेवढे खपवून घेते; मी मात्र सुटा कण तिथेही राहू देत नाही, कारण तो जोडताना सरकून आत येतो.

धूळ काळी आणि वेडीवाकडी दिसते. बोटाचे तेल ढगासारखे किंवा फासल्यासारखे दिसते. अल्कोहोल नीट वाळले नसेल तर पाण्याचे थेंब सुकल्यावर उरतात तशी वर्तुळे दिसतात. ओरखडा सरळ रेषेत असतो आणि पुसल्यावर तसूभरही हलत नाही. पहिल्या तिन्ही गोष्टी निघतात, चौथी निघत नाही.

पुसण्याची सुरुवात कोरड्या पद्धतीने करावी. ‘वन क्लिक’ नावाने मिळणारा पेनासारखा क्लीनर टोकाशी सरळ रेषेत धरून ‘टिक’ असा आवाज येईपर्यंत दाबला, की आतली स्वच्छ दोऱ्याची पट्टी टोकावरून फिरते. एससीसाठी २.५ आणि एलसीसाठी १.२५ मिलिमीटरचा वेगळा क्लीनर लागतो. कॅसेटसारखा क्लीनर असेल तर टोक एकाच दिशेने ओढावे, मागेपुढे घासू नये, आणि वापरलेल्या पट्टीवर दुसरे टोक कधीच टेकवू नये. त्यानंतर पुन्हा स्कोप लावावा. तरीही घाण दिसली तर ९९ टक्के शुद्धतेच्या आयसोप्रोपिल अल्कोहोलचा एक थेंब धागे न सुटणाऱ्या पुसणीवर घ्यावा, ओल्या भागावरून टोक कोरड्या भागाकडे एकदाच ओढावे आणि नंतर पुन्हा कोरड्या क्लीनरने पुसावे. ओले करून तसेच सोडू नये. दोन-तीन फेऱ्यांनंतरही मधल्या वर्तुळात डाग राहिला, तर तो डाग नसून इजा आहे असे समजून कनेक्टर बदलावा.

आता काय वापरू नये, ते सांगतो. शर्टाची बाही, रुमाल, टिश्यू पेपर आणि तोंडाची फुंकर यांपैकी काहीही टोकापर्यंत येऊ नये, कारण फुंकरीत ओलावा असतो आणि कपड्यात तेल व धागे. औषधाच्या दुकानातील स्पिरिटमध्ये पाणी आणि इतर भेसळ असते, त्यामुळे वाळल्यावर थर उरतो. करोनाच्या काळात खिशात सॅनिटायझर आले आणि काही जणांनी तेच वापरायला सुरुवात केली. त्यात हातांची त्वचा मऊ राहावी म्हणून ग्लिसरीन घातलेले असते आणि ते काचेवर तसेच बसून राहते. कनेक्टरवर येणारे प्लास्टिकचे टोपण हे धुळीपासून आडोसा आहे, स्वच्छतेची हमी नाही. नव्या पाकिटातून काढलेली पॅच कॉर्डही (दोन्ही टोकांना कनेक्टर असलेली छोटी केबल) मी स्कोपखाली पाहिल्याशिवाय लावत नाही.

आणि जोडाच्या दोन्ही बाजू पुसाव्यात. पॅच कॉर्ड हातात असते म्हणून ती पुसली जाते, पण पॅनेलच्या आत, ॲडॅप्टरच्या पलीकडे बसलेले टोक तसेच राहते, आणि पुसलेले टोक घाण टोकाला लागताच आधीचे श्रम वाया जातात. सातपूरच्या एका छोट्या कारखान्यात महिनाभर लाइन दुपारी जात होती. आमच्याच माणसांनी मोडेम एकदा आणि पॅच कॉर्ड दोनदा बदलली होती, आणि दोन्ही वेळा नवी कॉर्ड त्याच ॲडॅप्टरमध्ये खोचली होती. मी भिंतीवरची पेटी उघडली तेव्हा मीटर उणे २६.४ डीबीएम दाखवत होता (हे प्रकाशाच्या ताकदीचे माप; उण्याचा आकडा जितका मोठा, तितका प्रकाश कमी). ॲडॅप्टरच्या आतील टोकाचे चित्र पडद्यावर आले, तेव्हा गाभ्यावर अर्धचंद्राच्या आकाराचा तेलकट डाग होता आणि त्यात लोखंडाची बारीक कीस अडकलेली होती. कोरडे, ओले, पुन्हा कोरडे असे पुसल्यावर मीटर उणे २१.१ वर आला. दुपारचे कोडे मग आपोआप सुटले: पत्र्याची शेड तापली की आधीच काठावर असलेली लाइन काठावरून खाली पडत होती.

रंगांच्या बाबतीत एक कबुली देऊन ठेवतो. हिरवा एपीसी आणि निळा यूपीसी एकमेकांत बसतात, खटकाही वाजतो, पण तिरके टोक सपाट टोकाला टेकत नाही आणि मध्ये हवेची फट राहते. नाशिकरोडला एका दुकानात हिरवी कॉर्ड संपली होती म्हणून मी रात्रीपुरती निळी लावली आणि लाइन चालू झाल्यामुळे ती गोष्ट विसरून गेलो. दोन आठवड्यांनी तक्रार आली तेव्हा कित्येक डेसिबल, म्हणजे बराचसा प्रकाश, त्या एका जोडात जात होते, आणि पलीकडच्या हिरव्या पिगटेलच्या (एकाच टोकाला कनेक्टर असलेल्या छोट्या फायबरच्या) टोकावर ओरखडा पडलेला होता. ती पिगटेल बदलावी लागली.

पिगटेलचा जोड

केबलच्या टोकाला कनेक्टर बसवण्याचे टिकाऊ साधन म्हणजे कारखान्यात घासून तयार झालेली पिगटेल फ्यूजनने, म्हणजे काच वितळवून, जोडणे. पूर्वी फेरूलमध्ये इपॉक्सी भरून, फायबर ओवून आणि बारीक फिल्मवर हाताने घासून कनेक्टर तयार करीत. ते कौशल्याचे काम होते, पण आज कामाच्या जागी त्याची गरज उरलेली नाही.

सर्वप्रथम संरक्षक स्लीव्ह, म्हणजे जोडावर नंतर तापवून आटवायची नळी, फायबरवर ओवून घ्यावी. ही सूचना इतकी साधी आहे की लिहायला संकोच वाटतो. परंतु उत्तम जोड मारून झाल्यावर स्लीव्ह टेबलावरच राहिल्याचे लक्षात येणे आणि तो जोड स्वतःच्याच हाताने तोडावा लागणे, हे ज्याच्या वाट्याला आलेले नाही असा स्प्लाइसर मला अजून भेटलेला नाही. त्यानंतर तीन भोकांच्या स्ट्रिपरने पायरी-पायरीने आवरणे काढावीत: मोठ्या भोकाने बाहेरचे जॅकेट, मधल्याने ९०० मायक्रॉनचे आवरण आणि लहान भोकाने २५० मायक्रॉनचा लेप. लेप काढताना स्ट्रिपर किंचित तिरका धरून ३ ते ४ सेंटिमीटर एका दमात, पण झटका न देता ओढावा. उघड्या काचेवर अल्कोहोलची पुसणी चिमटीत धरून फिरवावी; काच खरोखर स्वच्छ झाली की बारीक ‘चीं’ असा आवाज येतो. तो आवाज कानाला एकदा ओळखीचा झाला की स्वच्छतेबद्दल दुसऱ्या कुणाला विचारावे लागत नाही.

यानंतर क्लीव्हर. क्लीव्हर काच कापत नाही; त्याची चकती काचेवर एक सूक्ष्म ओरखडा पाडते आणि ताणामुळे काच त्या ओरखड्यावर सरळ तुटते. टोक अक्षाशी काटकोनात हवे आणि कोनातील चूक १ अंशाच्या आत राहिली पाहिजे. मशीन स्वतः हा कोन मोजून दाखवते. तो वारंवार जास्त येत असेल तर चकती एक घर पुढे फिरवण्याची वेळ झाली आहे, असे समजावे. क्लीव्ह झालेले टोक पुन्हा पुसू नये आणि ते कशालाही टेकू देऊ नये. ते तसेच मशीनच्या व्ही आकाराच्या खाचेत ठेवावे आणि इलेक्ट्रोडच्या रेषेच्या अगदी जवळ, पण तिच्या पुढे जाणार नाही अशा बेताने झाकण लावावे. खाचेत धुळीचा कण असेल तर पडद्यावर दोन फायबर एका ओळीत येत नाहीत. अशा वेळी दहा वेळा ‘पुन्हा प्रयत्न’ दाबण्याऐवजी खाच साफ करावी.

आपल्या भागात आणखी एका गोष्टीकडे दुर्लक्ष होते, ती म्हणजे आर्क कॅलिब्रेशन, म्हणजे मशीनची ठिणगी त्या जागेच्या हवेशी जुळवून घेणे. इलेक्ट्रोडमधल्या ठिणगीची ताकद हवेचा दाब, तापमान आणि ओलावा यांवर अवलंबून असते. मुंबईत समुद्रसपाटीला चालवलेले मशीन कसारा घाट चढून सुमारे ६०० मीटर उंचीवरच्या नाशिकला आले, की हवा बदललेली असते. काम सुरू करण्याआधी दोन टाकाऊ फायबर लावून कॅलिब्रेशन चालवावे. इगतपुरीच्या जुलैतील दमट हवेत काम करून तेच मशीन डिसेंबरात निफाडला नेले तरीही तेच करावे. निफाडच्या पहाटेच्या थंडीत रात्रभर गाडीत राहिलेले मशीन उबदार खोलीत आणल्यास त्याच्या भिंगावर दव साचते, म्हणून त्याला खोलीत थोडा वेळ तसेच बसू द्यावे. हिटरलाही अशा वेळी स्लीव्ह आटवायला जास्त वेळ लागतो. घाई करून अर्धवट आटलेली स्लीव्ह ट्रेमध्ये, म्हणजे जोड ठेवण्याच्या तबकात, बसवू नये.

जोड झाल्यावर मशीन ०.०२ किंवा ०.०३ डेसिबल असा आकडा दाखवते. हा आकडा कॅमेऱ्याने बाहेरून पाहून केलेला अंदाज असतो, मोजमाप नसते. पडद्यावर जोडाच्या जागी बुडबुडा, फुगवटा, बारीक झालेली कंबर किंवा उभी रेघ दिसत असेल तर आकडा कितीही चांगला असला तरी जोड तोडून पुन्हा मारावा. आकडा ०.१ च्या वर गेला तर मी तो ठेवत नाही. मानकात जोडाला ०.३ डेसिबलपर्यंत मुभा आहे, हे खरे. पण ती मुभा वापरायची सवय लागली की दहा जोडांच्या मार्गावर ३ डेसिबल, म्हणजे निम्मा प्रकाश, हिशोबाबाहेर जातो.

ट्रेमध्ये फायबर गुंडाळताना नेहमीच्या जी.६५२ प्रकारासाठी वळणाची त्रिज्या ३० मिलिमीटरपेक्षा कमी होऊ देऊ नये. घरातील वापरासाठीचे जी.६५७ए२ फायबर ७.५ मिलिमीटरपर्यंत सहन करते. केबलच्या मध्यभागी असलेला एफआरपीचा (काचतंतूंच्या प्लास्टिकचा) दांडा क्लोजरच्या, म्हणजे जोड ठेवण्याच्या बंद पेटीच्या, क्लॅम्पमध्ये घट्ट आवळावा, कारण तो सैल राहिला तर उन्हाळ्या-हिवाळ्यात केबल आत-बाहेर सरकते आणि ट्रेमधील फायबरला ओढ बसते. रंगांचा क्रम निळा, नारिंगी, हिरवा, तपकिरी, करडा, पांढरा, लाल, काळा, पिवळा, जांभळा, गुलाबी आणि फिकट आकाशी असा असतो. रात्री रस्त्यावरच्या पिवळ्या दिव्याखाली नारिंगी, तपकिरी आणि लाल हे तिन्ही एकसारखे दिसतात, म्हणून डोक्याला पांढऱ्या प्रकाशाची बॅटरी लावूनच ट्यूब उघडावी.

तुटलेल्या काचेच्या तुकड्यांसाठी झाकणाची बाटली सोबत असावी. हा तुकडा त्वचेत शिरला तर दिसत नाही आणि डोळ्यात गेला तर दवाखानाच गाठावा लागतो. चष्मा घालावा, कामाच्या चटईवर वडापाव ठेवू नये, आणि अल्कोहोलची बाटली मशीनच्या ठिणगीपासून व हिटरपासून दूर ठेवावी, कारण ते सहज पेट घेते.

फास्ट कनेक्टर

घराच्या शेवटच्या टोकाला मशीन नेणे परवडत नाही, तिथे फास्ट कनेक्टर चालतो. क्लोजरमध्ये, पॅनेलवर किंवा स्प्लिटरच्या (एका फायबरचा प्रकाश अनेकांत वाटणाऱ्या भागाच्या) आधी तो वापरू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. त्याच्या आत कारखान्यात घासलेला फायबरचा छोटा तुकडा असतो आणि आपण आणलेले फायबर त्याला जेलच्या मदतीने टेकते. म्हणून इथेही क्लीव्ह हेच सर्वस्व आहे. कात्रीने किंवा पेनासारख्या स्वस्त स्क्राइबरने काच तोडून बसवलेला कनेक्टर आज चालतो आणि जेल आटले की बंद पडतो.

खांबावरून घरात येणाऱ्या चपट्या ड्रॉप केबलवर आधी मागचे बूच चढवावे. लोंबत्या केबलला आधार देणारी पोलादी तार घरात शिरण्यापूर्वी वेगळी करून बाहेरच संपवावी, कारण धातूची तार विजेला घरात रस्ता देते. जॅकेट, लेप आणि क्लीव्ह यांची लांबी कनेक्टरसोबत आलेल्या मापपट्टीवरच ठेवावी. प्रत्येक उत्पादकाचे माप वेगळे असते आणि एका ब्रँडची सवय दुसऱ्याला लागू पडत नाही. फायबर आत टेकले की ते जॅकेटजवळ हलकेसे धनुष्यासारखे वाकते. तो बाक दिसल्यावरच लॉक दाबावा. बाक आला नाही, तर आतील टोके भेटलेलीच नाहीत.

मीटर काय सांगतो

पॉवर मीटर लावण्याआधी त्याची तरंगलांबी तपासावी. एका फायबरवरून अनेक ग्राहकांना मिळणाऱ्या जीपॉन सेवेत ग्राहकाकडे येणारा प्रकाश १४९० नॅनोमीटरचा आणि परत जाणारा १३१० चा असतो. मीटर ८५० वर राहिला असेल तर आकडा चुकीचाच येणार. मग आकडा किती यायला हवा, याचा हिशोब हातात असावा. समजा केंद्रातून अधिक ३ डीबीएम निघतात, एक-ते-आठ आणि एक-ते-चार असे दोन स्प्लिटर मिळून सुमारे १७.५ डेसिबल खातात, ६ किलोमीटर केबल दर किलोमीटरला पाव डेसिबल या दराने दीड डेसिबल खाते, चार कनेक्टर जोड प्रत्येकी ०.३ प्रमाणे १.२ आणि सहा स्प्लाइस मिळून ०.३ खातात. एकूण तोटा २०.५ होतो आणि ग्राहकाकडे उणे १७.५ यायला हवेत. बी प्लस वर्गाच्या मोडेमची मर्यादा उणे २७ असते. आता मीटरवर उणे २४ आले तर ‘सत्तावीसच्या आत आहे, चालेल’ असे बहुतेक जण म्हणतात, आणि लाइन खरोखर चालतेही. पण साडेसहा डेसिबल कुठेतरी सांडत आहेत, म्हणजे अपेक्षित प्रकाशाच्या चौथ्या हिश्श्याहूनही कमी पोहोचतो आहे, आणि जे सांडते आहे ते पुढे वाढणारच. मर्यादेशी तुलना करण्याऐवजी हिशोबाशी तुलना करावी.

सांडणारा प्रकाश घाणीने जातो की वळणाने, हे ओळखण्याची एक युक्ती उपयोगी पडते. केबल कुठे अति वाकली असेल तर १५५० नॅनोमीटरवर तोटा १३१० पेक्षा बराच जास्त येतो. घाण किंवा वाईट जोड असेल तर दोन्हीवर तोटा साधारण सारखाच येतो. बंद लाइनवर दोन्ही मोजमापे घेऊन पाहिली, तर कपाटामागे मुडपलेली केबल शोधायला भिंत फोडावी लागत नाही.

ओटीडीआर, म्हणजे फायबरमध्ये झोत सोडून परतणाऱ्या प्रकाशावरून दोषाचे अंतर दाखवणारे यंत्र, वापरताना आधी त्याचे स्वतःचे पोर्ट पुसावे. जवळच्या घटना यंत्राच्या आंधळ्या पट्ट्यात हरवू नयेत म्हणून पाचशे मीटर ते एक किलोमीटरची लॉन्च केबल मध्ये लावावी, आणि चालू लाइनवर १३१० किंवा १५५० चा झोत सोडू नये. तिथे १६२५ किंवा १६५० नॅनोमीटरची, फिल्टर असलेली सोय लागते. आलेखावर उंच शेंडा म्हणजे कनेक्टर किंवा तुटलेले टोक, आणि शेंड्याविना पायरी म्हणजे स्प्लाइस किंवा वळण. एखाद्या जोडावर प्रकाश वाढल्यासारखा दिसला तर तो दोन वेगळ्या फायबरच्या गुणांमधला फरक असतो. दोन्ही बाजूंनी मोजून सरासरी काढल्यावर खरा आकडा मिळतो. ओटीडीआर जे अंतर सांगतो ते फायबरचे अंतर असते, रस्त्याचे नव्हे. प्रत्येक क्लोजरजवळ दहा-पंधरा मीटरचे वेटोळे असते आणि ट्यूबमधले फायबर केबलपेक्षा थोडे लांब असते, म्हणून २.३४ किलोमीटर आले की गाडीच्या मीटरवर तेवढेच मोजून खड्डा खणायला घेऊ नये. जवळच्या ओळखीच्या क्लोजरपासून पुढचे अंतर मोजावे.

वर्षभराची निगा

केबलला या जिल्ह्यात ऋतूंप्रमाणे त्रास होतो, आणि देखभालीचे वेळापत्रकही त्याच अंगाने आखलेले बरे. मे महिन्यात जमिनीखालच्या चेंबरमधील प्रत्येक क्लोजर उघडून सीलची रबरी कडी, रिकाम्या छिद्रांची बुचे आणि आतील ओलावा पाहावा. ऑगस्ट २०१९ च्या पुरात गोदावरीचे पाणी पात्रातील दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीच्या डोक्यावरून गेले होते आणि सराफ बाजारात शिरले होते. अशा भागातील क्लोजर पाण्याखाली जाणार हे गृहीत धरूनच बसवावे, म्हणजे पाण्याखालीही टिकणाऱ्या आयपी ६८ दर्जाचे घ्यावे, आणि शक्य असेल तिथे जोड चेंबरऐवजी खांबावर किंवा भिंतीवर उंच घ्यावा. पाणी शिरले म्हणून प्रकाश त्याच दिवशी बंद होत नाही, आणि त्यामुळेच कुणी लक्ष देत नाही. पण ताणाखालील काचेवरचे सूक्ष्म तडे ओलाव्यात हळूहळू वाढतात आणि फायबर काही महिन्यांनी कोरड्या दिवशी तुटते.

संक्रांतीला येवल्यात आणि शहरातील गच्च्यांवर पतंग ओव्हरहेड केबलवर अडकतात. मांज्याने केबल क्वचितच कापली जाते. अडकलेला पतंग काढण्यासाठी पोरे खालून मांजा ओढतात, तेव्हा ड्रॉप केबल खांबावरच्या क्लॅम्पमधून सरकते आणि पेटीतल्या कनेक्टरवर ताण येतो. त्यानंतरच्या आठवड्यात खांबावरच्या पेट्या एकदा पाहून घ्याव्यात. उसाच्या हंगामात निफाडकडे भरलेल्या ट्रकची उंची आणि लोंबणारी केबल यांची गाठ पडते. झोळ आलेली केबल आधीच ताणून घेतली तर रात्रीची फेरी वाचते. कांदाचाळीत आणि शीतगृहात उंदरांसाठी पोलादी कवचाची केबल किंवा जीआय पाइप, यापेक्षा स्वस्त उपाय मला सापडलेला नाही. २०२७ च्या सिंहस्थाच्या तयारीसाठी रस्ते खोदले जातात तिथे मार्गाचा नकाशा ठेकेदाराच्या मुकादमाला आधीच नेऊन द्यावा आणि केबल नेमकी कुठून जाते ते चुन्याने आखून द्यावे.

प्रत्येक भेटीनंतर तीन गोष्टी करूनच पेटी बंद करावी. रिकाम्या प्रत्येक ॲडॅप्टरला टोपण लावावे. केबलला टाय लावताना ती बोटाने सरकेल इतकी सैल ठेवावी, कारण घट्ट आवळलेला टाय हेही एक वळणच असते. आणि झाकणाच्या आतल्या बाजूला, पुसला जाणार नाही अशा मार्करने, तारीख, तरंगलांबी आणि आलेला आकडा लिहावा. मोबाइलमधला फोटो माणूस नोकरी सोडून जाताना सोबत घेऊन जातो. झाकणावरचे ‘१४९०, उणे १८.२’ पुढच्या माणसाला तिथेच वाचता येते.